छाटलेला लॅपटॉप आणि क्लारिबेलची पावलं

रोमेलचं जहाज रविवारी दुपारी दोनला किनाऱ्याजवळून जाणार होतं आणि तेवढा अर्धा तासच त्याला नेट मिळणार होतं. त्या अर्ध्या तासात त्याला लेकीला चालताना बघायचं होतं. अकरा महिन्यांची क्लारिबेल गुरुवारी तीन पावलं चालली होती आणि शुक्रवारी तिने आईचा, म्हणजे लोरेलीचा, फोन कपड्यांच्या बादलीत बुडवला होता. सासूबाईंचा फोन नुसता बोलण्यापुरता, दीर नोनॉयच्या फोनचा कॅमेरा फुटलेला. राहिला जुना लॅपटॉप. तो सुरू होईपर्यंत भात शिजून होई.

म्हणून नोनॉयने शनिवारी त्यावर नवी सिस्टिम टाकली. मूळ सिस्टिममधलं नको ते कापून कोणीतरी ती नेटवर फुकट वाटत होतं. लॅपटॉप नऊ सेकंदांत उघडला, पंख्याची घरघर थांबली. सासूबाईंनी नोनॉयला सुक्या मासळीचा जास्तीचा तुकडा वाढला. लोरेलीच्या जिवाला मात्र चैन पडेना.

"कापलं कोणी?"

"आहे एक भला माणूस, मनांग." थोरल्या बहिणीसारखी हाक मारली की वहिनी निवळते, हा त्याचा अनुभव.

"नाव काय त्याचं?"

"नाव नाही लावत तो."

"म्हणजे बिननावाचा माणूस घरात शिरला, त्याला वाटेल ते सामान घेऊन गेला, आणि आपण जागा मोकळी झाली म्हणून खूश."

व्हायरस अडवणारी सोयही कापली गेलीय, हे तिनेच शोधलं. ती सोय फार वेग खाते, असं नोनॉयचं म्हणणं. बँकेचा पासवर्ड यात कोणी घालायचा नाही, असं तिने सगळ्यांना बजावलं, सासूबाईंनासुद्धा, ज्यांचं बँकेत खातंच नव्हतं. कॅमेऱ्याचं कोणाच्या डोक्यात आलं नाही.

ते रविवारी पावणेदोनला कळलं. कॅमेरा चालवणारा भागच छाटलेला. तो परत आणायला अपडेट हवं, तर अपडेटही छाटलेलं. नोनॉयचा मित्र तो भाग पेनड्राइव्हवर घेऊन निघाला, पण तो पोचणार तीनला.

दोनला रोमेल पडद्यावर आला. मागे अर्धं जहाज दाटीवाटीने उभं. इकडे अंधार का, त्याने विचारलं. लोरेली खरं सांगणार, तेवढ्यात नोनॉय पुढे सरसावला. वस्तीतल्या बास्केटबॉलच्या सामन्यांना माइक त्याच्याच हातात असे.

"चित्र येत नाहीये, पण मी सांगतो ना. उभी राहिली. खुर्ची सोडली."

क्लारिबेल चटईवर फतकल मारून शेवया चोखत होती.

"एक. दोन. तीन."

जहाजावर कोणी शिट्टी मारली. रोमेलने टोपी काढून तोंडावर धरली. लोरेलीने दिराकडे जळजळीत नजर टाकली, मग पडद्याकडे पाहिलं.

"चार," ती म्हणाली. "पाच. दारापर्यंत गेली रे."

पुढच्या रविवारी अख्खं जहाज तिला दारापर्यंत जाताना बघेल, असं सांगून रोमेल दिसेनासा झाला.

तीनला मित्र आला. पाच मिनिटांत कॅमेरा सुरू झाला आणि पडद्यावर नोनॉयचाच हसरा चेहरा उमटला. लोरेली चटईपासून दारापर्यंतचं अंतर वितीने मोजत होती. ती उठली, औषधांच्या डब्यातली चिकटपट्टी काढून तिने कॅमेऱ्यावर नीट दाबून बसवली.

"रोमेलसाठी कॅमेरा अजून कापलेलाच आहे, कळलं? आणि हिला दारापर्यंत चालवायचं काम तुझं."