डीएलएलवाले तुळशीरामभाऊ

तुळशीरामभाऊंच्या गळ्यात तुळशीची माळ नाही, पेनड्राइव्ह आहे. काळ्या दोऱ्यात ओवलेला. अंघोळीपुरता तेवढा खुंटीवर टांगतात. त्यात गाणी नाहीत, फोटो नाहीत, नुसत्या डीएलएल फायली. कॉम्प्युटरमधले चार प्रोग्राम मिळून ज्या फायली वापरतात, त्या ह्या. एक हरवली की चांगला चालता प्रोग्राम उघडायलाच तयार होत नाही. भाऊ हे आपल्या पद्धतीनं सांगतात, "सामायिक विहीर हाय बापा. एकानं बुजवली तं साऱ्यायचं वावर वाळते."

धामणगाव बढ्यात माझं लग्नपत्रिका छापायचं दुकान. भाऊंचा टायपिंगचा क्लास कधीच बंद पडला. त्यांना ना दुकान, ना पाटी. तरी गावात कोणाचंही मशीन अडलं की नाव त्यांचंच. लोक माझ्याच दुकानात, माझ्याच खुर्चीवर बसून मला विचारतात, "तुळशीरामभाऊ कुठं भेटतीन?" खोटं कशाला सांगू, पोटात दुखतं.

बरं, माणूस झटपट काम करून जाईल तर तेही नाही. आधी मशीनला हात जोडणार. मग पडद्यावरची सूचना पंचांग वाचल्यासारखी मोठ्यानं वाचणार. एक फाइल टाकणार आणि दुपारभर बसणार. लोकांना त्याचंही कौतुक.

ऐन लग्नसराईत मी मशीनमध्ये जागा करायला म्हणून जुना हिशेबाचा प्रोग्राम काढून टाकला. मशीननं विचारलं, ही फाइल सामायिक आहे, काढू का? मी 'हो' दाबलं. झालं, पत्रिकेचा प्रोग्राम उघडेना. एक नवरीचा बाप समोर मजकूर घेऊन बसलेला. मी धूळ झटकली, मशीन बंद करून चालू केलं. तेवढ्यात माझ्या बायकोनं, सुरेखानं, मला न विचारता भाऊंना फोन लावला.

भाऊ आले. पडद्यावरची सूचना मोठ्यानं वाचली. "'हो' दाबलं काऊन बे?"

"जागा पाहिजे होती."

"मंग आणखी कोणाले लागते का, हे पाहाचं नाही का?"

पेनड्राइव्हमधली फाइल मशीनमध्ये पडली, प्रोग्राम उघडला. नवरीचा बाप भाऊंच्या पाया पडला. सुरेखानं आल्याचा चहा केला, तोही पाहुण्यांच्या कपात. मला मिळाला स्टीलच्या गिलासात, उरलेला.

पत्रिका छापून घेऊन नवरीचा बाप गेला. भाऊ बसलेलेच. मग मात्र मला राहवेना. सुरेखासमोरच त्यांचं पितळ उघडं पाडायचं ठरवलं.

"भाऊ, कृषी केंद्रवाल्याकडे तुम्ही सारखे जाता. दर वेळी एकच फाइल टाकता. त्या फायलींचा सगळा संच येते ना? तो टाकला का काम खलास."

भाऊंनी चहावर फुंकर घातली. "येते ना. पाच मिनिटाचं काम हाय."

"मंग टाकत काऊन नाही?"

"तुही वहिनी होती तवा संचच टाकत होतो," ते कपाकडे बघत म्हणाले. "माह्यासाठी जेवाले थांबून राहे. पटकन काम करून घरी पळत होतो."

मग भाऊंनी कप खाली ठेवला आणि माउसकडे हात नेला. "टाकू का मंग तुह्या मशीनमंधी?"

"राहू द्या," मी म्हणालो. "पाहू नंतर."

तेव्हापासून आमचं मशीन अधूनमधून अडतं, भाऊ येतात, बसतात. पण माझी पोटदुखी काही गेली नाही. परवा बाजाराच्या दिवशी चहा सांगून मी त्यांची वाट बघत होतो, आणि भाऊ दुपारपासून समोरच्या फोटो स्टुडिओत हसत बसलेले. त्या स्टुडिओवाल्याचं मशीन मला चांगलं ठाऊक आहे. त्याला काहीही झालेलं नव्हतं.