टी.बी.तला मुक्काम

"केसरीनाथ, उद्यापासून तू टी.बी.ला," ओव्हरसियर म्हणाला आणि केसरीनाथच्या हातातलं घमेलं खडीसकट खाली पडलं.

सडकेवर डांबर घालण्यात त्याची अर्धी हयात गेली होती. भिवंडीच्या आसपासच्या प्रत्येक रस्त्याचा धूर त्याच्या छातीत जाऊन बसला होता. त्याने छातीला हात लावला आणि उभ्याचा खाली बसला.

"साहेब, मना खोकला न्हाय वो. कवातरी बिडी ओढल्यावर येतो, तो काय खोकला झाला?"

"अरे, रोग नव्हे!" ओव्हरसियर हसत सुटला. "टी.बी. म्हणजे ट्रॅव्हलर्स बंगलो. आग्रा रोडवरचा, वडप्याच्या अलीकडचा. तिथला खानसामा रिटायर झाला. तुला कोंबडी करता येते ना?"

केसरीनाथच्या कोंबडीचं नाव साऱ्या गँगमध्ये होतं. तो उठला, कपडे झटकले आणि मान खाली घालून हसला. डांबर सुटलं, ऊन सुटलं, वर डोक्यावर कौलं आणि अंगात पांढरा कोट. गेली कित्येक वर्षं ज्या बंगल्याला तो येता-जाता 'डाकबंगला' म्हणत होता, त्याचं खरं सरकारी नाव आज त्याला कळलं होतं, आणि ते त्याला फार आवडलं. संध्याकाळपर्यंत त्याने ते मनातल्या मनात इतक्यांदा घोळवलं, की जुनं नाव तो विसरूनच गेला.

तेवढ्यात त्याच्या गावचा, खारबावकडचा लडकू गवताची गाडी रिकामी करून परत निघालेला दिसला. केसरीनाथने लांबूनच हाळी दिली.

"लडकू, माझ्या घरी निरोप दे. म्हणावा, मना टी.बी.त टाकलाय. आता पंधरा दिवस काय सोडणार न्हाईत."

लडकूने बैलांचे कासरे ओढले. "कवा कळला?"

"आज सकालीच. साहेबांनी सोता सांगितला."

"आणि तू हसतंस?"

"मग काय रडू? नशीब लागतो त्याला!"

लडकूने एकदा त्याच्याकडे नीट पाहिलं. रोज हक्काने मागायची ती बिडी त्याने आज मागितली नाही. बैलांच्या शेपट्या पिरगाळून तो असा निघाला, की गाडीच्या चाकांची धूळ बराच वेळ रस्त्यावर राहिली. 'जळला मेला,' केसरीनाथ मनात म्हणाला.

टी.बी.तले दिवस मजेत गेले. साहेब लोक येत, दौऱ्याच्या नावाखाली जेवत आणि निम्मं पानात टाकून जात. उरलेलं केसरीनाथच्या वाट्याला येई. त्याचे गाल भरले, कोटाची वरची गुंडी लागेना. मागच्या आवारात आंब्याखाली खाट टाकून दुपारी झोपताना त्याला वाटे, हौसा आणि तुळजा एकदा इथे येऊन हे बघून गेल्या पाहिजेत. तुळजा त्याची मुलगी. कशेळीच्या सावळारामच्या मुलाशी तिचं लग्न ठरलं होतं. खानसाम्याची पोर म्हटल्यावर सासरी तिचा मान वाढणार, असा त्याचा हिशेब होता.

सुट्टी मिळाली तसा तो एक कोंबडा बगलेत मारून घरी गेला. अंगणात पाय ठेवतो न ठेवतो, तोच हौसा दारात आली आणि तिने पदर नाकातोंडाला लावला.

"तिथंच थांबा!"

"अगो, मी हाय."

"माहीत हाय तुमी हाव ते. तिथंच बसा, चुलीपाशी येव नका. पानी लांबून देते."

शेजारच्या धोंडूबाईने आपल्या नातवंडांना बकोटीला धरून आत ओढलं आणि दार लावून घेतलं. केसरीनाथने चौकशी केली तेव्हा एकेक कळत गेलं. त्याची गोधडी हौसाने जाळली होती. त्याचं ताट, तांब्या, पाट, एवढंच काय, त्याचा बसायचा दगडसुद्धा खाडीत फेकला होता. न्हाव्याने त्याच्या दाढीचा वस्तरा पुरला होता. आणि सावळाराम कशेळीहून येऊन, अंगणातच उभा राहून, पाण्याला न शिवता, लग्न मोडून गेला होता.

"अगो, पण मना झालाय काय?"

"टी.बी.," हौसा म्हणाली आणि रडायला लागली.

केसरीनाथला हसू आलं आणि त्याच्या अंगावर काटाही आला. त्याने समजावून सांगायला सुरुवात केली. टी.बी. म्हणजे टी.बी. नव्हे. टी.बी. म्हणजे बंगला. त्याचं लांब नाव साहेबांनी सांगितलं होतं ते... 'ट्रावल' का 'टावेल' असं काहीतरी होतं.

"टावेलबंगला?" धोंडूबाई दाराच्या फटीतून म्हणाली. "तो डाकबंगला हाय. माझा नवरा मरेपरेंत त्याला डाकबंगलाच म्हनला."

"तोच गो तो! बघ माझ्याकडं, हौसा. कसा जाड झालोय!"

"सूज हाय ती," धोंडूबाई फटीतून म्हणाली. "माझ्या दिराला असाच झालता. जाताना गोलमटोल व्हता."

तुळजा मात्र कोपऱ्यात उभी राहून बापाकडे बघत होती, आणि त्या बघण्यात राग नव्हता, भीती होती. केसरीनाथ कोंबडा अंगणातच सोडून उठला. तो कोंबडाही त्या घरात कुणी कापला नाही. धोंडूबाईने तो हाकलून खाचरात घालवला.

दुसऱ्या दिवशी त्याने थेट कशेळी गाठली. व्याही सावळाराम चार बुकं शिकलेला माणूस, इंग्रजी अक्षरं लावून वाचायचा. त्याला पटलं की बाकीच्यांना पटेल. "याही, तुमी निसते चला. डोळ्यांनी बघा आनि मग बोला," असं म्हणून म्हणून त्याने सावळारामला तयार केलं. सावळाराम आला, पण एस.टी.त केसरीनाथपासून चार बाकं सोडून बसला.

आग्रा रोडवर उतरले तेव्हा केसरीनाथने मोठ्या अभिमानाने सडकेकडेची पाटी दाखवली. पांढऱ्या पाटीवर काळी अक्षरं आणि बंगल्याच्या दिशेने बाण.

"वाचा."

सावळारामने बोट फिरवून वाचलं. "टी. आणि बी." तो दोन पावलं मागे सरला. "म्हंजे सरकारनं सडकेवर पाटीच लावलीय!"

"मग! सांगतो काय!"

"लोकांनी लांबून जावा म्हणून."

"याही, अवो, लांबून न्हाय, आत यावा म्हणून बाण हाय तो!"

"ज्यांना झालाय त्यांनी आत जावा," सावळाराम म्हणाला. त्याने रुमाल नाकाला लावला आणि समोरून येणाऱ्या पहिल्या ट्रकला हात केला.

त्या पाटीची बातमी केसरीनाथच्या आधी सगळीकडे पोचली. आजवर लोक ती बघून पुढे जात, आता थांबून वाचू लागले. आधी दूधवाला बंद झाला. मग धोब्याने चादरी न धुताच फाटकावर आणून टाकल्या. झाडूवालीने अंगात कणकण असल्याचा निरोप पाठवला आणि ती कणकण जाईना. आठवड्याने मोठे साहेब दौऱ्यावर आले तेव्हा मळक्या चादरीवर बसून त्यांना काळा चहा प्यावा लागला.

"दूध कुठाय?"

"साहेब, दूधवाला येत न्हाय. टी.बी. हाय म्हणून."

"अरे, टी.बी. आहे म्हणूनच तर दूध लागतं!" साहेब ओरडले. "आम्ही इथे येतो कशाला?"

बंगल्याच्या कुंपणाबाहेर गवत कापणाऱ्या बायांनी हे ऐकलं. साहेबालाही झाला, ही बातमी संध्याकाळपर्यंत खारबावला पोचली.

आता एकच वाट उरली होती. डॉक्टरकडे जायचं, छातीचा फोटो काढायचा आणि डॉक्टरच्या तोंडून सगळ्यांना सांगायला लावायचं. केसरीनाथ भिवंडीच्या दवाखान्यात गेला. तिथली रांग बघून मात्र तो आपलं दुःख थोडा वेळ विसरला. सगळे लूमवरचे कामगार. केसात, भुवयांत, मिशीत कापसाची पांढरी तुसं. विशी-बाविशीचे पोरगे म्हाताऱ्यांसारखे गुडघे पोटाशी घेऊन बसलेले. एक खोकायचा, तो थांबला की दुसरा, जणू त्यांनी पाळ्या लावून घेतल्या होत्या.

पुढचा माणूस सरकून त्याला जागा देत म्हणाला, "बैठो चाचा. नये हो?"

त्याचं नाव मुस्तकीम. आझमगडकडचा. यंत्रमागाच्या शेडमध्ये एका खाटेवर दोघे जण झोपायचे. हा दिवसपाळीला गेला की दुसरा आडवा व्हायचा. याचा खोकला सुरू झाला तसा दुसऱ्याने त्या खाटेला पाठ लावायचं सोडलं आणि शेठने मुलुखाला जायला सांगितलं. "मुलुक जाके क्या करूँ? घर में बताऊँगा तो वो भी बाहर सुलाएँगे," तो म्हणाला. "डाक्टर बोलता है, दवा लो, अंडा खाओ, दूध पियो, खुली हवा में सोओ. शेड में खिड़की नहीं है, चाचा. तुम किधर सोता है?"

इतक्या दिवसांत पहिल्यांदाच कुणीतरी केसरीनाथच्या शेजारी खेटून बसलं होतं आणि त्याच्याशी सुखदुःखाचं बोलत होतं. त्याची जीभ सैल झाली.

"मैं उदर टी.बी. में रयता. आग्रा रोडपे. आम के झाड के नीचे खटिया. हवा कितना भी. मुर्गी, अंडा, सब."

मुस्तकीमचे डोळे मोठे झाले. "सरकारी?"

"मंग! सरकारीच."

डॉक्टरांनी त्याचा फोटो पाहिला आणि त्याच्याकडे चष्म्यावरून बघितलं. "काही नाही तुला. ठणठणीत आहेस. खाणं जरा कमी कर. कशाला आलास इथे?" केसरीनाथने त्यांच्या पाया पडून त्यांच्याकडून तेवढंच एका चिठ्ठीवर लिहून घेतलं. पण तो क्षयरोग्यांच्या रांगेतून बाहेर पडला आणि समोर गवताच्या गाडीवर लडकू बसलेला.

चिठ्ठी घेऊन तो कशेळीला पोचेपर्यंत सावळारामला सगळं कळलं होतं. "असल्या चिठ्ठ्या मिळतात," तो ओटीवरूनच म्हणाला. "आणि झालाच न्हवता, तर रांगंला कशाला लागलाव?" केसरीनाथने चिठ्ठी घडी घालून खिशात ठेवली. पंधरवड्यात सावळारामने मुलाचं लग्न दुसरीकडे उरकून टाकलं.

ते कळलं त्याच दिवशी, दुपारी, बंगल्याच्या फाटकापाशी एक टांगा थांबला. त्यातून एक पत्र्याची पेटी, एक वळकटी आणि मुस्तकीम उतरला. पाटीकडे बघून तो हसला.

"चाचा, भरती करा दो."

केसरीनाथचं डोकं फिरलं. तो फाटकापर्यंत धावत गेला. इतक्या दिवसांचा सगळा राग त्याने त्या किडमिडीत माणसावर काढला. "ये वो टी.बी. नाय! ये बंगला हाय, बंगला! साब लोक का! सगळी दुनिया येडी झाली काय रे?"

मुस्तकीमने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. मग त्याला खोकला आला. तो पेटीवर बसला आणि खोकत राहिला. खोकून झाल्यावर त्याने तोंडाचा रुमाल घाईघाईने मुठीत लपवला.

"वो वाली नहीं है, तो ठीक है," तो म्हणाला. "लेकिन कमरा तो है न, चाचा?"

टांगा केव्हाच निघून गेला होता. मागच्या आवारात पूर्वीच्या साहेबांच्या घोड्याची एक खोली रिकामी पडून होती. केसरीनाथने फाटक उघडलं. स्वतः लांब उभं राहून त्याने मुस्तकीमला हाताने वाट दाखवली. पाणी ठेवलं तेही दहा हात अंतरावर. ठेवून वळताना त्याला आपल्या अंगणातली हौसा आठवली आणि तो तसाच थबकला. परत फिरून त्याने तांब्या उचलला आणि मुस्तकीमच्या हातात दिला.

त्यानंतर चार दिवसांनी हौसा आली. नवरा आता शेवटच्या घटका मोजत असणार, निदान तोंड तरी बघावं, म्हणून ती तुळजाला घेऊन निघाली होती. मागच्या आवारात येऊन ती पाहते तो खाटेवर एक हाडांचा सापळा उन्हाला बसलेला. डोळे खोल, मान काडीसारखी, श्वासागणिक बरगड्या वर येताहेत. आणि त्याच्यासमोर घामाने डबडबलेला, पोट सुटलेला, लाल गालांचा केसरीनाथ अंडं सोलून देताना त्याच्यावर खेकसतोय, "खा रे! पिवळा बी खा! टाकतंस काय?"

हौसा खिळून उभी राहिली. टी.बी. तिने आजवर नुसता ऐकला होता. आता तो समोर बसला होता. तिने त्या माणसाकडे पाहिलं, मग नवऱ्याकडे पाहिलं, मग पुन्हा त्या माणसाकडे. डॉक्टरला आणि सरकारी पाटीला जे पटवता आलं नव्हतं ते तिला तेवढ्यात पटलं.

"अवो," ती हळूच म्हणाली, "तुमाला तर काय पन झाला न्हाय."

"मग मी इतके दिवस काय सांगतोय?"

"आई," तुळजा म्हणाली, "आता कशेळीला जाऊन सांगू नकोस हां. झाला ते झाला. मना तिथं जायाचाच न्हाय." आणि तिने पदर खोचून मुस्तकीमचं ताट विहिरीवर नेऊन घासायला घेतलं.

महिन्याभराने मोठे साहेब पुन्हा आले. दूध आता हौसा घरून पाठवायची, त्यामुळे चहा बरा झाला होता. साहेब व्हरांड्यात आरामात बसले. तेवढ्यात मागून खोकल्याची उबळ ऐकू आली.

"मागे कोण आहे रे?"

नोकरी गेली, पांढरा कोट गेला, पुन्हा डांबराचं घमेलं, हे सगळं केसरीनाथच्या डोळ्यांसमोरून गेलं. "टी.बी. हाय साहेब," तो कसाबसा म्हणाला.

"टी.बी. आहे ते मला माहीत आहे. मागे कोण उतरलंय?"

"ट्रॅव्हलर," केसरीनाथ म्हणाला. तो शब्द त्याच्या तोंडून आयुष्यात पहिल्यांदा न अडखळता निघाला. "आझमगडवरनं आलाय साहेब."

"असं? किती दिवस राहणार?"

"डॉक्टर म्हणतात, दीड वरस."

साहेबांचा कप ओठांपर्यंत गेला होता, तो तिथेच थांबला. मागे पुन्हा उबळ आली, लांबलचक, आतून काहीतरी फाटत गेल्यासारखी. साहेबांनी कप अलगद खाली ठेवला, खिशातून रुमाल काढला आणि ते जीपकडे निघाले. खोली रिकामी कर म्हणायलासुद्धा ते थांबले नाहीत.

पुढे साहेबांची तपासणी फाटकाबाहेरूनच होऊ लागली. जीप सडकेवर उभी राही, इंजिन चालू असे. साहेब काच चार बोटं खाली करून विचारत, "सगळं ठीक?"

"ठीक हाय साहेब."

"आणि... तो?"

"आज दोन अंडी खाल्ली साहेब. पिवळ्यासकट."

साहेब मान हलवत, काच वर घेत आणि जीप निघून जाई.