सावळटेकची गारगोटी

वेळ ही अत्यंत मौल्यवान वस्तू असल्यामुळे शासन कापूस उत्पादकाकडून ती आधी खरेदी करते, कापूस मागाहून. भाव पडले, बोंडअळी आली, पाठोपाठ अभ्यास समित्या आल्या, तरी वेळेच्या खरेदीत एका हंगामाचाही खंड पडलेला नाही, हे अभिमानाने नोंदवावे लागेल.

नेरजवळच्या सावळटेक केंद्रावर त्या वर्षी खरेदी गुरुवारी सुरू व्हायची होती, म्हणून रांग आदल्या आठवड्यातच सुरू झाली. रोज चाळीस गाड्या मापणार होते. सरदारभाईंचा नंबर तीनशे बारावा. सरदारभाई म्हणजे नेरचे ट्रॅक्टर मेकॅनिक. घरचा चार एकर कापूस. शुक्रवारी त्यांच्या गझालाचा निकाह. निघताना बायकोने, आयशाबीने, बजावलं होतं, "कपास गयी चूल्हे में. निकाह में बाप होना!" पण रांग सोडली की नंबर जातो, आणि नंबर गेला की माणसाजवळ उरतं काय?

मंगळवारी ट्रॉलीच्या चाकाला अटकाव म्हणून त्यांनी नाल्यातून एक पांढरी गारगोटी उचलली. डाव्या मुठीत धरली मात्र, ते थेट कालच्या दिवसात! समोर कालचाच चहा होता (हा पुरावा धरता येत नाही, केंद्रावरचा चहा रोजच कालचा असतो), पण कालचा पेपरही ताजा होता.

काळ असा मुठीत आल्यावर एखादा अडाणी माणूस तारुण्यात वगैरे गेला असता. सरदारभाई जाणते. ते सरळ दहा दिवस मागे गेले, रिकाम्या केंद्रावर कारकून वामनरावांकडून पहिल्या नंबरची चिठ्ठी घेतली आणि परत आले. मागच्या गाडीवरच्या हिरासिंगने ती पाहिली.

"मले बी द्या ना भाई, दोन मिनिटं!"

तो अकरा दिवस मागे गेला. रांगेतल्या तुळसाबाई तर थेट पोळ्यापर्यंत मागे जाऊन आल्या. बुधवारी दुपारपर्यंत रांगेचं तोंड केंद्र बांधण्याच्याही आधीच्या ज्वारीत पोचलं. तिथे शेताचा मालक काठी घेऊन मागे लागला. वामनरावांनी सगळे नंबर मान्य केले. मागच्या तारखेची नोंद करण्याचा त्यांना दांडगा अनुभव होता. शेवटी सरदारभाईंचा नंबर लागला सहाशे एक्केचाळीस, कारण जे रांगेत नव्हतेच तेही आता दोन वर्षांपासून उभे होते.

गुरुवारी वैतागून त्यांनी गारगोटी उजव्या मुठीत धरली आणि ट्रॉलीसकट दुसऱ्याच सावळटेकला पोचले. तोच कडुनिंब, तोच काटा, तेच वामनराव. रांग तेवढी नव्हती.

"या सरदारभाई! काटा मोकळाच आहे. लवकर आटपू, उद्या गझालाचा निकाह ना?"

सरदारभाई चरकले. "लोकं कुठी गेले?"

"माप झालं, घरी गेले."

"अन् रांग?"

"कायले?"

सरदारभाईंना दरदरून घाम फुटला. रांग नाही, कारकून हसून बोलतो, वर पोरीचं नावही लक्षात ठेवतो! काट्यात नक्की खोट. त्यांनी उभ्या उभ्या ट्रॉली वळवली. मग पुढचे सहाशे चाळीस जण ते केंद्र पाहून आले (रांगेने) आणि सहाशे चाळीसच्या सहाशे चाळीस परतले.

"तिथं काळं कुत्रं नाही," हिरासिंग म्हणाला. "काहीतरी भानगड हाय."

शुक्रवारी जुम्याच्या नमाजानंतर निकाह लागला. बापाच्या जागी मामू बसले. संध्याकाळी एसटीच्या कंडक्टरने बिर्याणीचा डबा आणून दिला आणि गझालाचा निरोप सांगितला, "अब्बा, बहुत राह देखी." सरदारभाई ट्रॅक्टरवर बसून ढसाढसा रडले. तेवढ्यात पुढची गाडी हलली, म्हणून त्यांनी आधी ट्रॅक्टर पुढे घेतला आणि मग उरलेलं रडले.

वाचक हसले असतील. खुशाल हसावं. फक्त एक सांगा. परवा यवतमाळात तुम्ही औषधाला गेलात तेव्हा समोरासमोर दोन दवाखाने होते. एकात डॉक्टर एकटेच पेपर वाचत बसले होते, दुसऱ्यात बाकावर बूड टेकायला जागा नव्हती. तुम्ही चप्पल कुठे काढलीत?