वखारीवरचा कॅटलोनिया

मुलांनो, नंदुरबारला आमच्या शेजारी राहणाऱ्या खेमचंद शेठजींच्या रेल्वे रुळांलगतच्या मिरचीच्या वखारीवर स्पेनमधल्या कॅटलोनियाचा झेंडा फडकत असे. शेठजी स्वतः सुरतेपलीकडे कधी गेले नव्हते.

मी तेव्हा नवी सून. माहेराहून आणलेल्या पुस्तकांत देशोदेशींच्या झेंड्यांचे एक इंग्रजी पुस्तक होते. शेठजी रोज येऊन ते चाळत आणि प्रत्येक चित्रावर बोट ठेवून विचारत, "वहिनी, हाऊ आपला गावमा कोनी लावस का?" भगवा देवळांवर होता, हिरवा दर्ग्यावर, आणि तिरंगा लावला की इंग्रजांचा फौजदार दारात. एक दिवस पिवळ्यावर चार तांबडे पट्टे दिसले. "बस! हाऊ कोनीच लावत नै!"

मी त्याची गोष्ट वाचून दाखवली. एक सरदार लढाईत घायाळ झाला. राजाने त्याच्या रक्तात चार बोटे बुडवून त्याच्या सोनेरी ढालीवर ओढली. तेच हे पट्टे. ही कथा मागाहून रचलेली, पट्टे त्याआधीच राजांच्या मुद्रेवर होते, असेही पुस्तकात होते. शेठजींना ते पटले नाही. "पुस्तकवालाले काय माहीत? तो व्हता का तठे?"

मग त्यांनी धोतर हळदीत बुडवले आणि कुंकवात बोटे भिजवून पट्टे ओढले. एक विटले की दुसरे धोतर. शेठाणी करवादत, "आते नेसशात काय, ढाल?" मिरची घ्यायला आलेल्याला आधी सरदाराची गोष्ट ऐकावी लागे. खापर गावच्या एका व्यापाऱ्याने तर सुतक किती दिवस पाळायचे, असे विचारले.

अखेर फौजदार आलेच. "कुठल्या पक्षाचा झेंडा?"

"काटलोनिया, साहेब."

"पुढारी कोण?"

"तो मरी गया. राजानी त्याना रक्तमा बोटं बुडाडीसन..."

रक्त म्हणताच फौजदारांनी शिपायाला शिडी लावायला सांगितले. भाजीवालीशीही कधी वाद न घालणारे शेठजी झेंड्याच्या काठीला मिठी मारून बसले. "सुरतनी गाडी जाऊ द्या, साहेब. मंग मीच उतारी देसू."

"गाडीचा काय संबंध?"

"कंचन शे गाडीमा."

कंचन त्यांची एकुलती लेक. लग्नातल्या मानपानावरून व्याह्यांशी बिनसले होते. सुरतेच्या सासरहून नणंदेकडे जाता-येता तिला नंदुरबारला उतरायची बंदी होती.

"गाडी भरभर पळस, साहेब," शेठजी खाली बघत म्हणाले. "इतली पत्रानी छपरं. बापनं कोनतं, तिले दिसाले पाहिजे ना? पिवळावर चार बोटं, असा निरोप धाडेल शे."

गाडी आली. बायकांच्या डब्यातून एक हात बाहेर आला. अंगठा मिटलेला, चार बोटे ताठ. गाडी वळेपर्यंत तो तसाच होता.

शेठजींनी बोलल्याप्रमाणे झेंडा उतरवला, नीट घडी घातली आणि फौजदारांपुढे धरला.

फौजदारांनी तो घेतला नाही. टोपी सारखी करत त्यांनी विचारले, "परत कधी जाते ती?"