केशाकर्षण आणि आहेराचा टॉवेल

“अबोलीची काळजी तू सोड, ती माझ्याकडं लागली,” हे वाक्य मी एप्रिलमधल्या एका सकाळी चहा पिता पिता बोलून गेलो. चहा चांगला झाला होता, एवढंच त्याचं कारण. चहा फुळकवणी असता तर मी गप्प बसलो असतो आणि पुढचं काहीच घडलं नसतं.

झालं होतं असं, की माझ्या थोरल्या बहिणीनं, आक्कानं, नृसिंहवाडीला दत्ताच्या देवळात आठवडाभर सेवा करायचा नवस बोलला होता. आक्काचा नवस म्हणजे सगळ्या घराचा नवस. ती बोलते, फेडतो आम्ही. मी पाणीपुरवठ्याच्या कचेरीतून कारकून म्हणून रिटायर झालेला, त्यामुळं ‘रजा नाही’ हे एकमेव हत्यारही माझ्याकडं उरलेलं नाही. पण बायकोनं, म्हणजे क्रांतीनं, निघायचं म्हटल्यावर तोंड पाडलं. तिला देवाचं वावडं नाही, आक्काचंही (फारसं) नाही. तिचा जीव अडकला होता आमच्या गॅलरीतल्या अबोलीत.

ती अबोली बाजारातून आणलेली नव्हे. गडहिंग्लजला क्रांतीच्या माहेरी परसात अबोलीचा लांबलचक वाफा होता. तिकडं कानडी मुलूख जवळ, त्यामुळं क्रांती आईला अव्वा म्हणायची आणि अव्वा अबोलीला कनकांबर म्हणायच्या. अव्वा गेल्या आणि वर्षभरात माझ्या मेहुण्यानं, सम्राटनं, परस मोडून तिथं दुकानगाळे काढले. (त्याचं चुकलं असं मी म्हणत नाही, जागा रस्त्याला लागून होती.) जेसीबी येण्याच्या आदल्या दिवशी क्रांतीनं एक रोप मुळासकट काढलं, तेलाच्या रिकाम्या डब्यात लावलं आणि तो डबा मांडीवर धरून एसटीनं कोल्हापूरला आणला. अव्वांच्या त्या परसातलं आता जगात तेवढंच शिल्लक आहे. आणि अबोलीचं एक असतं, उन्हाळ्यात दिवसभर पाणी चुकलं की ती मान टाकते, आणि तसे दोन-तीन दिवस गेले की मग तिला उठवता येत नाही.

क्रांती म्हणाली, “वाडी काय लंडनात हाय व्हय? मी रोज सकाळच्या एसटीनं येतो, पाणी घालतो आणि दुपारपत्तोर माघारी जातो.” मी मोठ्यानं हसलो. आक्का काय म्हणेल ते सोडाच, पण एवढा शिकलासवरलेला नवरा घरात असताना बाईमाणसानं एका डब्यासाठी रोज एसटीचे धक्के खायचे, हे मला पटेना. मी म्हणालो, त्याची काही गरज नाही, केशाकर्षण आहे की.

इथं तुम्हाला हा शब्द समजावून सांगणं भाग आहे. (सांगायला मला आवडतंही.) आमच्या गावच्या शाळेत पिराजी गुरुजी होते. त्यांनी एकदा फळ्यावर ‘केशाकर्षण’ असं लिहिलं आणि मुलांना विचारलं, याचा अर्थ काय. एकानं न्हाव्याचं दुकान सांगितलं, त्याला गुरुजींनी बाकावर उभं केलं. मग त्यांनी शाईच्या दौतीत खडूचा तुकडा उभा धरला. शाई खडूतून हळूहळू वर चढत गेली आणि पांढरा खडू आमच्या डोळ्यांदेखत निळा झाला. केसासारख्या बारीक वाटा असल्या की पाणी त्यातून आपोआप वर चढतं, कुणी ओढावं लागत नाही, ढकलावं लागत नाही, असं गुरुजी म्हणाले. कंदिलाच्या वातीत तेल चढतं ते हेच, टीपकागद शाई पितो ते हेच. कुणीही काहीही न करता काम होतं, ही गोष्ट मला लहानपणीच फार आवडली. त्या दिवशी वर्गात सगळ्यांची बोटं निळी झाली होती आणि अजूनही कुठं शाईचा वास आला की मला तो खडू आठवतो.

तेव्हापासून हा शब्द मी जन्मभर वापरत आलो. चहात बटर बुडवताना वापरला. भिंतीला ओल आली तेव्हा वापरला. (क्रांतीचं म्हणणं गवंडी बोलवा, माझं म्हणणं हे केशाकर्षण आहे, त्याला गवंडी काय करणार. ओल अजून आहे.) कचेरीत एका टिपणीत ‘केशाकर्षणामुळे भिंत बाधित’ असं लिहिलं, तर साहेबांनी फाईल परत पाठवून मराठीत लिहायला सांगितलं.

पण या शब्दाला आयुष्यात खरा मान एकाच माणसानं दिला, तो अव्वांनी. गडहिंग्लजला मी क्रांतीला बघायला गेलो होतो. पोहे खाऊन झाले. सगळे भिंतीकडं बघत बसले. देवघरात समई तेवत होती, मला राहवलं नाही, मी म्हणालो, बघा, हे केशाकर्षण. माझ्या वडिलांनी कपाळाला हात लावला. तेवढ्यात आतल्या दारातून अव्वांनी विचारलं, “म्हंजे काय ओ?” मी खडूपासून वातीपर्यंत सगळं सांगितलं. त्यांनी ते शेवटपर्यंत ऐकलं. लग्न ठरल्यावर क्रांतीनं मला सांगितलं, की अव्वा आत जाऊन म्हणाल्या होत्या, “पोरगं लई बोलतंय, पन खोटं बोलत न्हाई.” तेवढ्यावर माझं लग्न झालं.

पुढं त्या कोल्हापूरला आल्या की दुपारी गॅलरीत बसून परसातून आणलेल्या अबोलीचे वळेसर, म्हणजे गजरे, करायच्या आणि मधेच म्हणायच्या, जावईबापू, तुमचा त्यो शब्द सांगा बघू. मी सांगायचो. त्यांना तो ठाऊक असायचा, तरी ऐकायच्या. आता तसं कुणी विचारत नाही आणि मला ते फार जाणवतं.

तर, अबोली वाचवायची ती याच शब्दानं, असं मी ठरवलं. युक्ती सोपी होती. स्टुलावर पाण्यानं भरलेली बादली ठेवायची, कापडाच्या पट्ट्यांचं एक टोक बादलीत सोडायचं आणि दुसरं डब्यातल्या मातीत पुरायचं. आठवडाभर झाड आपलं आपण पाणी पीत राहील. क्रांतीनं जुनी मऊ धडपी काढून दिली होती. पण अव्वांच्या झाडाला फाटकं कापड लावायचं मला कसंतरी वाटलं. म्हणून मी ट्रंक उघडून आहेरातले कोरे करकरीत टॉवेल काढले.

आमच्याकडं लग्नात पाहुण्याला टॉवेल-टोपीचा आहेर करतात, हे तुम्हाला माहीत असेलच. तो टॉवेल पुसायला कुणी वापरत नाही. तो ट्रंकेत जातो आणि पुढच्या लग्नात दुसऱ्या कुणाच्या तरी गळ्यात पडतो. पिवळ्या काठाचा एक टॉवेल तर आमच्याच घरून गेला आणि पाच-सहा लग्नं फिरून पुन्हा आमच्याच घरी आला. (काठावरच्या डागावरून ओळखला.) मी त्यातलेच चांगले बघून कात्रीनं सरळ पट्ट्या कापल्या, बादली भरली, टोकं पुरली आणि लांब उभं राहून बघितलं. क्रांती दारातून बघत होती. ती काहीच बोलली नाही, म्हणजे तिला पटलं, असा मी अर्थ घेतला. लग्नाला इतकी वर्षं झाली तरी मी हाच अर्थ घेतो.

वाडीला क्रांती इतकी निवांत होती की मला धन्य वाटलं. प्रदक्षिणा, पालखी, आक्काच्या सूचना, सगळं तिनं हसतमुखानं केलं. अबोलीचं नाव नाही. विज्ञान नीट समजावून सांगितलं की माणसाला शांती मिळते, असं मी धर्मशाळेतल्या दोन-चार पाहुण्यांना सांगितलंही, आणि त्यांना केशाकर्षणही सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी नदीवर आंघोळ केली. माझा टॉवेल धर्मशाळेत राहिला होता म्हणून आक्कानं तिच्या पिशवीतला काढून दिला. कोरा, आहेरातला. मी पाठ पुसली, पाठ ओलीच. छाती पुसली, पाणी नुसतं इकडचं तिकडं झालं. टॉवेलाला खळ इतकी होती की पाण्याचे थेंब त्याच्यावरून घरंगळून खाली पडत होते. आक्का म्हणाली, “आहेराचा टावेल कुटं पानी टिपतोय व्हय? त्यो द्यायचा असतोय.”

मी ओल्या अंगानं घाटाच्या पायरीवर तसाच उभा राहिलो. जो टॉवेल पाठीवरचं पाणी घेत नाही, तो बादलीतलं काय घेणार? तिकडं कोल्हापुरात पट्ट्या बादलीत कोरड्या ठणठणीत लोंबत असणार, आणि कालच्या दिवसभराच्या उन्हात अव्वांचं झाड मान टाकून पडलेलं असणार. मला ते झाड दिसलं, आणि खरं सांगतो, त्याच्यामागं अव्वाही दिसल्या. खोटं बोलत नाही एवढ्यावर त्यांनी मला मुलगी दिली होती आणि मी तिला म्हणालो होतो, काळजी माझ्याकडं लागली.

क्रांतीला सांगायचं धाडस झालं नाही. बीपीची गोळी विसरलो, शेजारच्या कुरुंदवाडात मिळते का बघतो, असं सांगून मी निघालो. आक्का तिच्याकडची गोळी हातात घेऊन माझ्या मागं स्टँडपर्यंत आली. ती गोळी तिच्यासमोर गिळली आणि तरीही कोल्हापूरची एसटी धरली. वाटेत उन्हानं करपलेली झाडं बघवेनात म्हणून मी डोळे मिटून बसलो.

जिने चढून वर आलो, खिशात हात घातला आणि लक्षात आलं की किल्ली क्रांतीच्या पर्समध्ये आहे, पर्स वाडीत. मी पायरीवर बसणार तोच दिसलं, की दाराला कुलूपच नाही. दार नुसतं लोटलेलं, आणि आतून भांड्याचा आवाज येतोय. चोर, असं मनात आलं. मी दाराबाहेरची केरसुणी उचलली आणि पावलं न वाजवता आत शिरलो. गॅलरीत आमच्या समोरच्या मेहमुदाभाभी हातात तांब्या घेऊन उभ्या होत्या. माझ्याकडं, मग केरसुणीकडं बघून त्या म्हणाल्या, “केर मी काडलाय की दादा. तुमी कशाला आनि?”

अबोली टवटवीत होती. नुसती टवटवीत नव्हे, फुलांनी भरली होती. भाभींनी सगळं सांगितलं. वाडीला निघायच्या सकाळी, मी रिक्षा आणायला खाली गेलो तेवढ्यात क्रांतीनं त्यांच्याकडं दुसरी किल्ली दिली होती. पट्ट्या भाभींनी त्याच दिवशी काढून टाकल्या. “वाळत घालनार हुतो, पन त्या वल्ल्याच न्हवत्या,” त्या म्हणाल्या. वर, मी आलो ते बरं झालं, कारण उद्या सकाळी त्या भाचीच्या लग्नाला पन्हाळ्याला निघाल्या होत्या आणि आता पाण्याचं काय, हे विचारायला क्रांतीला फोन करणारच होत्या.

भाभी गेल्यावर मी डब्याशेजारी, अव्वा बसायच्या त्या जागी, थोडा वेळ बसलो. दुपारचं ऊन पायापाशी आलं होतं. मला त्यांची फार आठवण आली. मग वाटलं, लपवायचं तरी किती. मी फुलं खुडली, वळेसर काही जमला नाही, म्हणून रुमालात बांधून घेतली आणि संध्याकाळपर्यंत वाडीला परतलो.

क्रांती घाटाच्या पायऱ्यांवर बसली होती. मी रुमाल तिच्या मांडीवर ठेवला. तिनं तो उघडला आणि फुलं ओंजळीत घेतली. मी टॉवेलापासून केरसुणीपर्यंत आणि भाभींच्या पन्हाळ्यापर्यंत सगळं सांगून टाकलं. तिचे डोळे भरून आले होते. तिनं तिथंच बसून फुलं ओवली, अर्धा वळेसर देवाला ठेवला आणि अर्धा केसांत माळला. मग माझ्याकडं न बघता म्हणाली, “उनातानाचं पळालासा, बरं वाटलं मला. अव्वालाबी वाटलं असतं.”

इतक्या वर्षांत असं वाक्य मी तिच्या तोंडून ऐकलं नव्हतं. छाती फुगली. नदीचं पाणी छान दिसायला लागलं. आता केशाकर्षणाबद्दल दोन शब्द बोलायला हरकत नाही, असं वाटून मी घसा खाकरला.

“पन भाभी उद्या चालल्यात न्हवं,” ती म्हणाली, “मग आता रोज तुमीच जावा.”

राहिलेले सगळे दिवस मी तेच केलं. आक्कानं सेवा केली वाडीत, मी केली एसटीत. सकाळच्या गाडीनं जायचं, तांब्याभर पाणी घालायचं, फुलं खुडायची आणि माघारी यायचं. शेवटी शेवटी कंडक्टर मला लांबूनच ओळखून जागा धरायला लागला. एकदा तिकीट फाडताना त्यानं विचारलंच, “पावनं, रोज ये-जा करतायसा, कामाला हायसा काय कोल्हापुरात?”

“व्हय,” मी म्हणालो, “झाडाला पाणी घालायला असतो.”

“कुनाच्यात?”

“बायकोच्यात.”

त्यानं माझ्याकडं एकवार नीट बघितलं, तिकीट हातात ठेवलं आणि म्हणाला, “मग टिका. अशी नोकरी आता दुसरीकडं कोन देनार तुमास्नी.”