बारा बश्यांची बारा झाकणं

कारखान्यात एकाच दिवशी नऊ जणांची पोटं बिघडली आणि मॅनेजरसाहेबांनी तपासणीआधीच निकाल लावून टाकला: आचाऱ्याचे हात घाण. आचारी म्हणजे प्रयोगशाळेतल्या ताईंचे सख्खे मामा. ताईंचा जीव नुसता टांगणीला लागला.

"तू मध्ये पडू नकोस गं," मामा म्हणाले. "माझे हात काय ते बोलतील."

स्वयंपाकघरात ये-जा करणाऱ्या बारा जणांनी जेलीच्या बारा बश्यांवर बोटं टेकवायची असं ठरलं. बोटाला चिकटलेलं जे काही असेल, ते दोन दिवस उबेत ठेवलं की तिथंच उगवून येतं. साहेबही त्या बारा जणांत होते. "तीनच बोटं, हलकेच," ताईंनी प्रत्येकाला बजावलं. नाव बशीच्या बुडाला लिहायचं, झाकणावर कधीच नाही, हे त्या अकरा वर्षं नवशिक्यांच्या कानीकपाळी ओरडत होत्या. पण त्या दिवशी साहेब घड्याळ बघत डोक्यावर उभे होते. ताईंनी नावं झाकणांवर लिहिली.

तिसऱ्या दिवशी झाकणांना आतून वाफ धरली होती. पुसण्यासाठी ताईंनी बाराही झाकणं ओळीनं काढून ठेवली. तेवढ्यात फोन खणाणला.

"झालं का? मी येतोय!"

ताई दचकल्या, कोपर लागलं आणि बारा नावं फरशीभर गडगडत गेली. खरं सांगावं, तर मामाला वाचवायला भाचीनंच झाकणं फिरवली म्हणतील. त्यांनी हाताला लागेल ते झाकण समोरच्या बशीवर ठेवलं, आणि साहेब आत आले.

एका बशीत काठापर्यंत काळी-हिरवी बुरशी उगवली होती. झाकणावर लिहिलं होतं: आचारी.

"बघा! मी म्हणत नव्हतो? आजच्या आज घरी पाठवा."

ताईंनी ती बशी आता कुठे नीट पाहिली. बुरशी पाच बोटांची होती, खाली अख्खा तळवा.

"साहेब," त्या म्हणाल्या, "सगळ्यांनी तीनच बोटं टेकवली होती. सांगूनही कुणी पंजा दाबला असेल, तर..."

साहेबांनी बशीकडे पाहिलं. मग स्वतःच्या हाताकडे. हात हळूच खिशात गेला.

"झाकणं बदलली असतील," ते म्हणाले.

"बदललीच आहेत साहेब. मघाशी पडली."

"मग आधी नाही का सांगायचं? तपासणी रद्द!"

दुपारी साहेब जेवायला बसले. सकाळच्या प्रकाराचं मामांना काहीच ठाऊक नव्हतं. सव्वीस वर्षं सगळ्यांना विचारत आले, तसंच त्यांनी वाढता वाढता विचारलं, "हात धुतले ना?"

साहेबांनी तोवर कधी उत्तर दिलं नव्हतं. त्या दिवशी ते उठून नळाकडे गेले.