निष्प्रतिभ गुलाबशेट

आमच्या नारायणगावच्या पेठेत गुलाबशेटच्या दुकानात खण घेतला की त्यावर उखाणा फुकट मिळायचा. ही थाप नव्हे. मी सांगतो त्यातलं निम्मं सोडून द्यायची लोकांना सवय आहे. पण हे ठेवायच्या निम्म्यातलं.

राणीच्या छापाचे रुपये जाऊन राजाच्या छापाचे नुकते दिसायला लागले होते, त्या दिवसांतली गोष्ट. गुलाबशेट मूळचा मारवाडातला. पण मारवाडी बोलायचा तो फक्त देवळात आणि झोपेत. एरवी आमच्याहून गावरान. त्याचं कापडाचं दुकान आणि आमचं गुळाचं दुकान समोरासमोर, मध्ये बैलगाडीपुरता रस्ता. त्यामुळे त्याचा सगळा जन्म मी फुकटात बघितला.

बाई गिऱ्हाईक आली की हा खणाचा रंग विचारायचा नाही, नवऱ्याचं नाव विचारायचा. आता बाई नवऱ्याचं नाव कशी सांगणार? ती पदर तोंडाशी धरायची आणि बरोबरची दुसरी सांगायची. मग धंदा काय, तापट आहे का मऊ, घोरतो का, सगळी चौकशी. हातातला गज कापडावरून सरकत असायचा, ओठ पुटपुटत असायचे, आणि खणाची त्रिकोणी घडी पुरी होईस्तोवर दोन ओळी तयार. एकदा कुंभाराची नवी सून आली, तर तिला म्हणाला,

"मातीचा केला घडा, घड्याला आला नाद,
तुकारामाच्या हाकेला पहिली माझीच साद."

पोरगी ते घोकत मीना नदीच्या काठापर्यंत गेली आणि नादात नदी ओलांडून पलीकडच्या गावात शिरली. तिला परत आणायला माणसं धाडावी लागली. आणि हा मागून ओरडतोय, "वैनी, खण बी पक्का, बोल बी पक्का. रंग गेला तर परत आणा."

असा हा सुखी माणूस. त्याच्या सुखाला काडी लावली आमच्या हेडमास्तरांनी.

दामोदरपंत मास्तर नवेच आले होते. वय पंचविशीचं, शिक्षण पुण्याचं, चष्मा सोनेरी काडीचा. संस्कृत वृत्तांत कविता करायचे. त्यांची एक कविता मी समोर बसून ऐकली आहे. ती सुरू झाली तेव्हा मला मिशी नव्हती.

गावात एक लग्न होतं. पंगत बसलेली. वाढायला आलेल्या, आमच्या पेठेतल्या गेणूच्या बायकोला सगळ्यांनी गळ घातली, नाव घे. तिनं कढीचं भांडं खाली ठेवलं आणि गुलाबशेटनं दिलेला ताजा माल काढला,

"चुलीवरची भाकर फुगते आणि बसते,
गेणूरावांच्या रागाला मी गालात हसते."

पंगत अशी हसली की कढी नाकातून आली. खुद्द गेणू रागावला, आणि मग सगळे बघतायत म्हणून बसला, अगदी भाकरीसारखा. फक्त मास्तर हसले नाहीत. त्यांनी चष्मा वर केला, "निष्प्रतिभ" एवढंच म्हणाले आणि भात मागितला.

गुलाबशेट मांडवाच्या खांबाला टेकून उभा होता. शब्द त्याच्या कानावर पडला. त्यानं गेणूला विचारलं, "म्हंजी काय रं?"

"चांगलंच असणार, शेट," गेणू म्हणाला. "शिवी कुटं येवढी लांब असती?"

झालं. दुसऱ्या दिवशी मास्तरांच्या घरी जरीकाठी उपरणं गेलं. आणि दुकानात नवीनच बोली सुरू झाली. "वैनी, ह्यो खण निष्प्रतिभ हाय. पुण्यात बी असा गावायचा न्हाई." एका नवरीच्या बापाला तर त्यानं छातीवर हात ठेवून सांगितलं, "हे लुगडं घ्या, तुमची पोरगी मांडवात निष्प्रतिभ दिसंल." बाप खूष होऊन दोन लुगडी घेऊन गेला.

हे किती दिवस चाललं असतं देव जाणे. पण एकदा आम्ही दोघं जुन्नरच्या बाजाराला गेलो, आणि तिथं एका म्हाताऱ्या शास्त्र्यांना धोतरजोडी दाखवताना गुलाबशेट नेहमीप्रमाणे म्हणाला, "सूत बघा म्हाराज, निष्प्रतिभ."

शास्त्रीबुवांनी धोतर खाली ठेवलं. मग त्यांनी शब्दाचा अर्थ सांगितला. ज्याला नवं काही सुचत नाही, असा ठोंब्या.

मी माणूस रागावलेला पुष्कळदा पाहिला आहे; पण कानापासून सुरू होऊन पागोट्याच्या शेवापर्यंत चढत गेलेला राग तेव्हाच पाहिला. गुलाबशेट मात्र व्यापारी. त्यानं अंगठा आणि बोट एकमेकांवर घासलं, कापडाचा पोत बघतात तसं, आणि विचारलं, "म्हाराज, ह्यो शब्द कुटल्या मागावरचा? कुणी इनला? त्याचं सूत उकलून दावा."

शास्त्रीबुवाही हौशी. उकलायला बसले. "निस् म्हणजे निघून गेलेलं. भा म्हणजे उजेड. प्रति म्हणजे आपल्या दिशेनं. समोरून आपल्याकडे येतो तो उजेड, ती प्रतिभा. माणूस तो आणू शकत नाही, तो आपणहून येतो. ज्याच्यावर येत नाही तो निष्प्रतिभ. काव्याच्या जुन्या ग्रंथांत आहे, हल्ली कोणी वापरत नाही."

"उजेड येत न्हाई?" गुलाबशेट उठून उभा राहिला. "माझं दुकान पूर्वेच्या तोंडाचं हाय. सकाळी ऊन थेट गादीवर येतं. ह्या पावण्यांना इचारा."

मी सांगितलं, येतं. आमच्या गुळावर येतं त्याच्या आधी ह्याच्या गादीवर येतं.

परतीच्या वाटेवर त्यानं तोंड उघडलं ते नारायणगावची वेस येईपर्यंत मिटलं नाही. बैलांनी भीतीनं शेपट्या खाली घातल्या होत्या. "आपुन कापड इकतो तर गिऱ्हाईक उलटंपालटं करून बगतं, उजेडात धरतं. आन शब्द? कुनी बी उठावं, कुनाला बी चिकटवावा, आन त्यानं त्यो जल्मभर अंगावर वागवावा? ह्यो कुटला न्याय?"

त्यात काय चूक होतं, सांगा. मला तर अजून त्या मास्तरांचा राग येतो. उपरणंसुद्धा परत केलं नाही त्यांनी. दर रविवारी तेच खांद्यावर टाकून नदीवर फिरायला जायचे, आमच्या दुकानांच्या मधून.

तेव्हापासून गुलाबशेटचा दिवस त्या शब्दानं सुरू व्हायचा. उखाणे देणं बंद नाही केलं, उलट घडी बांधताना गिऱ्हाइकालाच विचारायचा, "निष्प्रतिभ म्हंजी काय वाटतं वो तुमाला?" अर्थ सांगायचा नाही. ज्याला जे वाटेल ते. घोडेगावाकडून आलेला एक शेतकरी म्हणाला, "घोड नदीच्या खोऱ्यात असतंय की. समदं आभाळ काळं करून येतंय आन थेंब टाकत न्हाई, त्ये." तुकाराम कुंभार म्हणाला, "चाक फिरतंय, हात वला हाय, पन मडकं उठंना, आसं कायतरी." एका म्हातारीला वाटलं ते पाठीवरचं गळू आहे आणि तिनं त्यावर लेपही सांगितला. प्रत्येक उत्तरानं गुलाबशेटचा राग वाढायचा. संध्याकाळपर्यंत तो इतका तापायचा की समोर आमच्या गुळाच्या ढेपांना पाझर सुटायचा.

"धुऊन बगितला, आपटून बगितला," तो मला म्हणायचा, "ह्या शब्दाचा रंग जात न्हाई, राव. मास्तरानं चार मानसांत दिला, चार मानसांतच माघारी घ्याया पायजे."

आणि तशी वेळ आली. मास्तरांचं लग्न ठरलं. मुलगी आंबेगावाकडची, नाव उमा. लग्न तिकडे लागलं आणि वऱ्हाड भर दुपारी नारायणगावात परत आलं. ऊन असं की सावल्यासुद्धा माणसांच्या पायांखाली दडून बसलेल्या. दारात मास्तरांची बहीण आडवी उभी. नाव घेतल्याशिवाय आत सोडायची नाही, रीतच आहे. सगळी पेठ बघायला जमलेली. गुलाबशेट पुढे, हाताची घडी घालून. त्याच्यामागे, बायकांत, त्याची शेटाणी, हनुवटीपर्यंत घुंगट ओढून. आम्ही सगळे तिला शेटाणीच म्हणायचो. तिचं नाव गावात कोणालाच ठाऊक नव्हतं.

मास्तरांनी खाकरून श्लोक सुरू केला. दुसऱ्या ओळीत उमा बसेना. त्यांनी वृत्त बदललं. तिसऱ्या ओळीत मास्तरच बसेनात. घाम चष्म्यावर आला. "एक मिनिट, ताई" म्हणून ते आभाळाकडे बघायला लागले. आभाळात काही नव्हतं.

गेणू माझ्या कानाशी आला. "आता शेट म्हनतोय बगा, 'निष्प्रतिभ'. आन भात मागतोय."

सगळी पेठ त्याचीच वाट बघत होती. मी गुलाबशेटकडे पाहिलं. तो मास्तरांकडे बघतच नव्हता. तो नवरीच्या पायांकडे बघत होता. दारापुढच्या फरशीवर ती अनवाणी उभी, एक पाऊल उचलायची, टेकवायची, दुसरं उचलायची. चेहऱ्यावर काही नाही. नव्या नवरीनं कोणाला सांगायचं?

गुलाबशेट पुढे झाला तो भडकलेलाच. "मास्तर, पोरीचे पाय भाजत्यात हितं, आन तुमी वर काय शोधताय? म्हना माझ्या मागनं." आणि घडी बांधायला लागतो त्याहून कमी वेळात त्यानं ओळी दिल्या. मास्तरांना त्या भर पेठेत, खणखणीत आवाजात म्हणाव्या लागल्या,

"पुण्याला शिकलो, शहाणा झालो, मोठी केली बढाई,
उमाचे पाय पोळती, ताई, सोडा आता लढाई."

बहीण हसत बाजूला झाली. नवरी आत गेली. माणसं इतकी ओरडली की शिवनेरीवरचे पोपट उडाले. मास्तर उंबऱ्यातून मागे वळले. मनानं वाईट नव्हते, तेवढं म्हणायला हवं. सगळ्यांदेखत हात जोडले. "शेटजी, मी माझा शब्द परत घेतो. आणि आज मान तुमचा. तुम्ही नाव घ्या."

बायकांना एवढंच हवं होतं. "घ्या शेट, घ्या. समद्या गावाला नावं वाटलीत, शेटाणीचं कुटं हाय?" शेटाणीला त्यांनी ढकलत पुढे आणलं.

गुलाबशेटनं तोंड उघडलं. मिटलं. ओठ पुटपुटायला लागले. आता येणार म्हणून आम्ही कान टवकारले. काही आलं नाही. ज्या माणसानं अख्ख्या तालुक्यातल्या बायकांना नवरे बहाल केले, तो बायकोसमोर उभा राहून पागोट्याचा शेव चाळत होता.

"मास्तर," तो शेवटी म्हणाला, "शब्द ऱ्हाऊ द्या. एका जागी लागू हाय." आणि निघून गेला. शेटाणी मागोमाग.

मला राहवेना. उन्हं कलल्यावर त्याच्या दुकानात गेलो. तो गादीवर बसून तीच ती घडी मोडत होता, घालत होता.

"काय झालं राव तुमाला?" मी विचारलं.

त्यानं घडी गादीवर ठेवली. मग सांगायला लागला. लग्न मारवाडात झालं तेव्हा दोघंही पोरसवदा. तिथं कोणी नाव घ्यायला लावलं नाही. बापानं दोघांना इथं आणलं, तर शेजारच्या बायकांनी हौसेनं दार अडवलं. ह्याला मराठीचं अक्षर येत नव्हतं. हा मुका, बायका हसतायत, आणि ती दारातल्या तापल्या दगडावर अनवाणी. किती वेळ ते त्याला सांगता येईना. एका म्हातारीनं दया येऊन आत घेतलं, तेव्हा तिच्या तळपायांना फोड आले होते.

"तवापासनं शिकाया लागलो," तो म्हणाला. "म्हनलं, एक दिस आसं नाव घ्यायचं की त्या बायका गप झाल्या पायजेत."

"मग घेतलं का न्हाई?"

"तिचं नाव धापू." त्याचा आवाज परत तापला. "ठाव हाय का धापू म्हंजी काय? आमच्यात पोरीवर पोरी झाल्या की धाकटीला ह्ये नाव देत्यात. देवा, पोट भरलं, आता पोरी पुरे. लेकरू पाळन्यात, आन त्याच्या अंगावर ह्यो शब्द. कुनी इनला, कुनी चिकटवला, त्यांना कोन इचारनार? कितीबी गोड ओळ जुळवा, नाव येतं आन ओळीवर पानी पडतं."

"आमच्यात लग्नात नाव बदलत्यात," मी म्हटलं. "दुसरं ठेवायचं की."

"म्या बी म्हनलं व्हतं. ती म्हनली, माझं हाय ते माझं. घ्यायचं तर ह्येच घ्या."

आतून भांड्याचा आवाज आला. गुलाबशेट उठला. जैन माणसं ती, सूर्य मावळायच्या आत जेवतात. "बसा, येतो," म्हणून तो आत गेला. मधलं दार अर्धं उघडं राहिलं, आणि मी काही डोळे मिटून बसणारा माणूस नाही.

मागची खिडकी पश्चिमेची. तिच्यातून तांबूस ऊन थेट ताटावर पडलेलं. तो पाटावर बसला. समोर शेटाणी बसली आणि तिनं घुंगट मागे सारला. तिचा चेहरा मी तेव्हा पहिल्यांदा पाहिला. तो ताटाला हात लावीना. ओठ पुटपुटत होते. तीही तशीच बसून होती. घाई नाही, आशा नाही की निराशा नाही, गिऱ्हाईक घडी पुरी व्हायची वाट बघतं तशी. हे रोजचंच असावं.

ऊन ताटावरून सरकून भिंतीला लागलं.

"आज बी न्हाई," गुलाबशेट म्हणाला.

"जेवा," ती म्हणाली. "त्यो उजेड उद्या बी यील."

त्यानं घाईघाईनं भाकरी मोडली, पहिला घास केला आणि तिच्यासमोर धरला. मी मधलं दार हळूच लोटलं आणि दुकानाकडे गिऱ्हाईक आलं तर त्याला परत पाठवायला बाहेर ओट्यावर येऊन बसलो.